कलामहर्षी बाबूराव पेंटर

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापूर येथे झाला. हस्तकौशल्य त्यांच्या घराण्यातच होते. चुलतबंधू आनंदराव यांच्या जोडीने ते नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवू लागले. त्यांच्या पडद्यांवरील राजवाडे व अरण्ये इतकी हुबेहूब असत की लोक या बंधूंना पेंटर म्हणू लागले आणि मूळचे आडनाव मागे पडले.

दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ साली प्रदर्शित झाला. तो पाहून आपणही चित्रपट काढावा, असा ध्यास या दोघा बंधूंनी घेतला. परंतु कॅमेरा आणावा कोठून? तशात महायुद्ध सुरू झाले. तेव्हा कॅमेरा स्वतःच घडवावयाचा, असे त्यांनी ठरविले. हे काम वाटते तितके सोपे नव्हे. फिल्म क्षणभर थांबली पाहिजे, तिच्यावर प्रकाश पडला पाहिजे आणि लगेच ती पुढे सरकली पाहिजे. तेही सेकंदाला सुमारे सोळा वेळा! काम अपुरे असतानाच १९१६ साली आनंदराव निवर्तले. बाबूरावांनी दुःख गिळून विष्णुपंत दामले यांच्या साह्याने ते यंत्र पुरे केले. गायिका तानीबाई कागलकर यांनी भांडवल पुरविले आणि कोल्हापुरात महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली.

कंपनीचा पहिला चित्रपट 'सैरंध्री' १९२० साली पुण्यास झळकला. स्त्रियांच्या भूमिका पुरुषांनी करण्याचा तो काळ. बाबूरावांनी त्या स्त्रियांकडूनच करविल्या. कीचकवधाचे दृश्य तर इतके खरे वाटले की सरकारने त्यास कात्री लावली. याच कथेवरील खाडिलकरांच्या नाटकावर सरकारने १९१० साली बंदी घातली होती, हे येथे ध्यानात घेतले पाहिजे. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांस 'सिनेमा केसरी' ही पदवी देऊन गौरविले.

पुढे ते इतिहासाकडे वळले. १९२३ सालच्या 'सिंहगड' चित्रपटात त्यांनी रात्रीच्या लढाईची दृश्ये कृत्रिम प्रकाशात चित्रित केली.

मात्र त्यांचे खरे धाडस १९२५ सालच्या 'सावकारी पाश' या चित्रपटात दिसते. कथा ना. ह. आपटे यांची. खोट्या कागदपत्रांच्या जोरावर सावकार एका शेतकऱ्याची जमीन गिळतो आणि तो शेतकरी शहरात जाऊन गिरणीकामगार होतो, एवढीच ती हकीकत. देव नाहीत, राजे नाहीत, चमत्कार नाहीत. तरुण शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी केली होती. आम्हां बारामतीकडील लोकांस ही कथा परकी वाटत नाही. आमच्याच तालुक्यातील सुपे या बाजारपेठेच्या गावी मे १८७५ मध्ये गांजलेल्या शेतकऱ्यांनी सावकारांची दुकाने लुटून कर्जाची कागदपत्रे जाळली होती. त्यानंतर १८७९ साली शेतकऱ्यांच्या संरक्षणासाठी कायदा झाला. तरी पाश काही सुटला नाही. पन्नास वर्षांनी बाबूरावांनी तो पडद्यावर दाखविला. जाणत्यांनी त्याची वाखाणणी केली. परंतु पौराणिक वैभवास सरावलेला प्रेक्षक त्याकडे फिरकला नाही. दोष प्रेक्षकांचा म्हणावा काय? दिवसभर जे सोसावयाचे तेच रात्री पैसे मोजून पाहणे सर्वांनाच रुचते असे नाही. बाबूरावांना पुन्हा भरजरी पोशाखांच्या चित्रपटांकडे वळावे लागले.

१९२९ साली दामले, फत्तेलाल, धायबर व शांताराम यांनी बाहेर पडून प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. या मंडळींपैकी अनेकांना बाबूरावांनीच हाताशी धरून शिकविले होते. तेच गेल्यावर जुनी कंपनी टिकली नाही. लवकरच बोलपट आले. बाबूरावांनी 'उषा', 'प्रतिभा' असे काही बोलपट काढले खरे. पण त्यांचे मन कुंचला व छिन्नी यांतच अधिक रमले. तथापि १९३६ साली त्यांनी 'सावकारी पाश' पुन्हा, या वेळी बोलपटाच्या रूपाने, काढला. एकदा पडलेले चित्र दुसऱ्यांदा काढावयास निराळीच निष्ठा लागते.

१६ जानेवारी १९५४ रोजी कोल्हापुरातच त्यांचे निधन झाले. त्यांचा मूळचा मूक 'सावकारी पाश' आज पाहावयास मिळत नाही. तुम्ही कधी कोल्हापुरास गेलात, तर खरी कॉर्नरवरील कॅमेऱ्याचे स्मारक मात्र अवश्य पाहा.