विजयानंतर व्यथित झालेला सम्राट : देवानांप्रिय अशोक

नवरात्राची सांगता होऊन आज विजयादशमीचा मंगल दिवस उगवला आहे. यवतमाळ नगरीच्या दुर्गोत्सवातील आरत्यांचा गजर अजून कानांत घुमत असतानाच घरोघरी शस्त्रपूजन होईल. सायंकाळी मंडळी शमीला वंदन करून सीमोल्लंघनास निघतील, आपट्याचे सोने लुटतील आणि वडीलधाऱ्यांच्या पाया पडतील. विजयाच्या या दिवशी, विजय लाभल्यावर जो व्यथित झाला त्या सम्राट अशोकाचे स्मरण उचित ठरावे.

चंद्रगुप्त मौर्याचा नातू आणि बिंदुसाराचा पुत्र असलेल्या अशोकाचा राज्याभिषेक इ. स. पूर्व 268 च्या सुमारास झाला. त्यानंतर आठ वर्षे लोटल्यावर त्याने कलिंग जिंकले. त्या युद्धात एक लाख माणसे मारली गेली, दीड लाख बंदी करून नेली गेली आणि याच्या कितीतरी पट मृत्युमुखी पडली, हे त्याने स्वतःच शिलालेखात कोरून ठेवले आहे. जेत्याने आपल्या विजयाचा असा हिशेब मांडावा आणि त्याबद्दल खेद प्रकट करावा, हे जगाच्या इतिहासात विरळाच होय.

बुद्धाचा उपासक झालेल्या या राजाने धर्मविजय हाच खरा विजय मानला. त्याने मार्गांवर वृक्ष लावले, विहिरी खोदविल्या, मनुष्य व पशू या दोहोंसाठी औषधोपचारांची सोय केली आणि प्रजेच्या कल्याणार्थ धर्ममहामात्र नेमले. तो बोधिवृक्षाच्या दर्शनास गेला, बुद्धाचे जन्मस्थान असलेल्या लुंबिनीस जाऊन तेथील कर त्याने कमी केला. परंतु आपला पंथ त्याने प्रजेवर लादला नाही. ब्राह्मण आणि श्रमण या दोघांनाही दान व आदर द्यावा, परपंथाची निंदा करू नये, असा त्याचा उपदेश होता. बराबरच्या डोंगरातील गुहा तर त्याने आजीवक साधूंना अर्पण केल्या.

तथापि सिंहासन सोडल्याविना धर्म आचरणे किती कठीण, हेही याच चरित्रात दिसते. कलिंग त्याने परत केले नाही. पश्चात्तापाचा तो लेख कलिंगातील धौली व जौगड येथे कोरलाच गेला नाही. वनवासी जमातींना त्याने अभय दिले, पण आपल्या सामर्थ्याची जाणीवही करून दिली. वनांनी वेढलेल्या आपल्या जिल्ह्यात या गोष्टीचे मर्म सहज उमगावे. देहान्ताची शिक्षा त्याने रद्द केली नाही. दंडितांना तीन दिवसांची मुदत मात्र दिली. संघात फूट पाडणाऱ्या भिक्षूंना श्वेत वस्त्रे देऊन विहाराबाहेर काढावे, अशीही त्याची आज्ञा होती. राजदंड असा मठाच्या आत पोहोचला.

परंपरेनुसार त्याचा पुत्र महेंद्र व कन्या संघमित्रा यांनी सिंहलद्वीपात धर्म नेला. पुढे ब्रह्मदेश व सयाम येथील राजांनीही अशोकालाच आदर्श मानले. सत्तेच्या आश्रयाने विहार उभे राहिले, ग्रंथ जपले गेले. पण धर्मरक्षणाच्या नावाखाली युद्धेही झाली.

आपल्या विदर्भातही त्या काळाची खूण आहे. चंद्रपूर जिल्ह्यातील देवटेक येथील शिलेवर मौर्यकालीन ब्राह्मी लिपीत प्राण्यांना पकडण्यास व मारण्यास मनाई करणारी आज्ञा आढळली. विद्वान तिचा संबंध अशोकाच्या शासनाशी जोडतात. त्याच शिलेवर काही शतकांनंतर महाभैरवाचा भक्त असलेल्या वाकाटक राजा रुद्रसेनाने आपल्या धर्मस्थानाचा लेख कोरविला. दोन राजे, दोन श्रद्धा, पण पाषाण एकच!

अशोकानंतर सुमारे अर्धशतकात मौर्यांचे राज्य लयास गेले. राजाश्रय आटत गेला तसे शतकानुशतकांच्या ओघात या भूमीतील विहारही ओस पडले. पुढे 14 ऑक्टोबर 1956 रोजी, विजयादशमीलाच, डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी नागपूर येथे लाखो अनुयायांसह बौद्ध धम्माची दीक्षा घेतली. त्यांनी हा दिवस अशोकाच्या स्मरणानेच निवडला होता. या वेळी मात्र धम्म राजाज्ञेने आला नाही. विदर्भाच्या खेड्यापाड्यांतील कष्टकरी माणसांनी तो स्वेच्छेने स्वीकारला.

राजाश्रयाने धर्माला वैभव लाभते. परंतु तो टिकतो माणसांच्या अंतःकरणात. आज सोने लुटताना गावाची वेस आपण ओलांडूच. सोबत अहंकाराची वेसही ओलांडता आली, तर ही विजयादशमी खऱ्या अर्थाने सार्थकी लागेल.