वाट दाखवणारे हकीम

(बाराव्या शतकातील थोर हकीम आणि विचारवंत मुसा इब्न मैमून यांच्या जीवनाची ओळख या पाठात करून दिली आहे. गाव सुटले, भाऊ गेला, तरीही त्यांनी विद्या आणि लोकसेवा सोडली नाही.)

मुलांनो, स्पेन देशाच्या दक्षिण भागात कॉर्डोबा नावाचे जुने शहर आहे. तुम्ही त्याला कुर्तुबा या नावाने ओळखता. कवी इक्बाल यांनी तेथील मशिदीवर कविता लिहिली आहे, हेही तुमच्यापैकी काहींना माहीत असेल. या मशिदीपासून थोड्याच अंतरावर पांढऱ्या भिंतींच्या गल्ल्या आहेत. मध्ययुगात या गल्ल्यांत ज्यू, म्हणजे यहुदी लोक राहत असत. ती वस्ती आता राहिली नाही. पण तिच्या खुणा पाहण्यासाठी दूरदूरचे प्रवासी येतात. गल्ल्या इतक्या अरुंद आहेत की मोठा घोळका घेऊन फिरणे कठीण! म्हणून दहा-बारा जणांची छोटी तुकडी करतात. तुकडीच्या पुढे माहिती सांगणारा वाटाड्या चालतो.

चला, आपणही मनाने अशा एका तुकडीबरोबर जाऊ या.

वाटाड्या प्रथम एका लहानशा सिनेगॉगपाशी थांबतो. सिनेगॉग म्हणजे ज्यूंचे प्रार्थनास्थळ. आपल्या मुंबईतही मांडवी भागात १७९६ साली बांधलेले सिनेगॉग आहे. कॉर्डोबाचे सिनेगॉग १३१५ सालचे. आतील दालन तुमच्या वर्गाएवढेच असेल. १४९२ साली स्पेनच्या राजाराणीने ज्यूंना देशाबाहेर काढले. मग या इमारतीत रुग्णालय आले. पुढे ती चपला-जोडे बनवणाऱ्या कारागिरांच्या संघाकडे गेली. भिंतींवरची नक्षी आणि हिब्रू अक्षरे गिलाव्याखाली दडून गेली. १८८४ साली गिलावा निघाला आणि ती अक्षरे पुन्हा उजेडात आली.

तेथून काही पावलांवर एक छोटा चौक लागतो. चौकात पगडी बांधलेल्या, हातात ग्रंथ घेऊन बसलेल्या एका माणसाचा पुतळा आहे. तो १९६४ साली बसवला. येणारे-जाणारे पुतळ्याच्या पायांना हात लावतात. त्यामुळे थोडे तरी शहाणपण आपल्याला मिळेल, अशी त्यांची समजूत! हा पुतळा आहे हकीम मुसा इब्न मैमून यांचा. युरोपात त्यांना मैमोनिडीस म्हणतात. त्यांचीच हकीकत आता ऐका.

मुसा यांचा जन्म कॉर्डोबात ११३८ च्या सुमारास झाला. त्यांचे वडील मैमून हे ज्यू समाजाचे न्यायाधीश होते. लोकांचे तंटे ते धर्मशास्त्राप्रमाणे सोडवत. घरात विद्येला मान होता. धर्मग्रंथांची भाषा हिब्रू होती आणि रोजच्या बोलण्याची भाषा अरबी. याच शहरात ११२६ साली इब्न रुश्द हे थोर मुस्लिम विचारवंत जन्मले होते. विद्वानांच्या आणि ग्रंथांच्या या शहरात मुसा यांचे बालपण गेले.

पण हे सुख फार दिवस टिकले नाही. ११४८ साली मुवाहिदून नावाच्या राजवटीने कॉर्डोबा जिंकले. हे राज्यकर्ते कडक होते. ज्यू आणि ख्रिस्ती लोकांनी धर्म बदलावा किंवा देश सोडावा, असा त्यांचा हुकूम होता. पुढे ११९५ साली इब्न रुश्द यांनाही या राजवटीत काही काळ शहराबाहेर राहावे लागले. कॉर्डोबा जिंकले गेले तेव्हा मुसा अवघे दहा वर्षांचे होते. मैमून यांनी मुलाबाळांना घेऊन घर सोडले.

विचार करा मुलांनो, दहा वर्षांच्या मुलाला आपले घर, आपली गल्ली, आपले सोबती एकदम सोडावे लागले तर त्याला काय वाटेल? पुढची दहा-बारा वर्षे हे कुटुंब गावोगाव फिरत राहिले. शाळा नव्हती, पण वडील होते. वाटेतच अभ्यास चालू राहिला. पुढे ११६० च्या सुमारास ते मोरोक्कोतील फेज शहरात राहिले. तेथे मुसा यांनी अनुभवी हकीमांकडून वैद्यकाचे ज्ञान मिळवले. तेविसाव्या वर्षी त्यांनी ज्यू धर्मशास्त्रावर एक मोठा ग्रंथ लिहायला घेतला होता. त्याचा काही भाग त्यांनी प्रवासात, अगदी जहाजावर बसूनही लिहिला. तो पूर्ण झाला ११६८ साली.

फेजमध्येही धोका वाढला. ११६५ साली सारे कुटुंब जहाजात बसले. सहा दिवसांनी समुद्रात मोठे वादळ उठले. जहाज बुडते की काय, असे सर्वांना वाटले. पण जहाज तरले आणि अक्का बंदराला लागले. त्या वादळाच्या दिवशी दरवर्षी उपवास करायचा, असा मुसा यांनी निश्चय केला. जेरुसलेमचे दर्शन घेऊन ते इजिप्तला गेले. नाईल नदीच्या काठी, कैरोला लागून असलेल्या फुस्तात या गावी अखेर त्यांचे बिऱ्हाड स्थिर झाले. येथेही राज्य मुसलमानांचेच होते. पण येथे त्यांना आसरा मिळाला आणि पुढे मोठा मानही मिळाला.

मुसा इजिप्तमध्ये नवे होते. इतक्यात ११६८ साली क्रुसेडच्या सैन्याने बिल्बैस गाव जिंकले आणि तेथील माणसांना कैद करून नेले. खंडणी दिल्याशिवाय त्यांची सुटका नव्हती. मुसा यांनी गावोगावच्या ज्यूंना पत्रे लिहिली, माणसे पाठवली आणि कैद्यांना सोडवण्यासाठी पैसा गोळा केला. स्वतः बेघर झालेल्या माणसाला दुसऱ्याचे दुःख लवकर कळते, नाही का?

मुसा यांना दाऊद नावाचा धाकटा भाऊ होता. दोघांचे एकमेकांवर फार प्रेम होते. दाऊद हिरेमाणकांचा व्यापार करी आणि घर चालवी. त्यामुळे मुसा यांना निश्चिंत मनाने अभ्यास करता येई. एकदा दाऊद व्यापारासाठी निघाला. वाळवंट ओलांडून तो लाल समुद्रावरील ऐधाब बंदरात पोहोचला. तेथे मनासारखा माल मिळाला नाही. म्हणून त्याने थेट आपल्या हिंदुस्थानकडे जाणारे जहाज धरायचे ठरवले. त्याने थोरल्या भावाला पत्र लिहून हे कळवले आणि काळजी करू नका असेही सांगितले.

ते त्याचे शेवटचे पत्र ठरले. हिंदी महासागरात दाऊद बुडाला. त्याच्याबरोबर घरची आणि इतरांचीही पुंजी बुडाली. मागे त्याची बायको आणि लहान मुलगी उरली. ही बातमी ऐकून मुसा यांनी अंथरूण धरले. जवळजवळ एक वर्ष ते तापाने आणि दुःखाने आजारी होते. पुढे कितीतरी वर्षे भावाचे हस्ताक्षर दिसले की त्यांचे मन भरून येई.

आता घर कोणी चालवायचे? लोक त्यांना धर्माचे मोठे पंडित मानत होते. धर्म शिकवून त्यांना पैसे मिळवता आले असते. पण धर्मज्ञान हे पोट भरण्याचे साधन करू नये, असे त्यांचे ठाम मत होते. म्हणून त्यांनी हकिमी सुरू केली.

हळूहळू त्यांचे नाव झाले. सुलतान सलाहुद्दीन अय्यूबी यांचे वझीर काझी अल-फाजिल यांनी त्यांना आपले हकीम नेमले. सुलतानाचा मुलगा अल-अफजल याच्यासाठी मुसा यांनी आरोग्यावर अरबीत पुस्तक लिहिले. बेताने खावे, रोज व्यायाम करावा आणि मन प्रसन्न ठेवावे, असे त्यांनी त्यात सांगितले. दम्याच्या रोगावरील पुस्तकात त्यांनी शहरातील कोंदट हवेचे दुष्परिणाम दाखवले. विषांवर आणि त्यांच्या उताऱ्यावरही त्यांचे एक पुस्तक आहे.

त्यांचा दिवस कसा जात असेल? ११९९ साली फ्रान्समधील एका विद्वानाने त्यांना भेटीला येऊ का, असे विचारले. उत्तरात मुसा यांनी आपला दिनक्रम कळवला. सुलतान कैरोत राहत असे आणि मुसा फुस्तातला. दोन्हींत सुमारे दोन किलोमीटरचे अंतर होते. रोज सकाळी ते दरबारात जात आणि दुपार टळल्यावर भुकेने व्याकूळ होऊन घरी येत. पाहतात तो ओसरी माणसांनी भरलेली! त्यात ज्यू असत, मुसलमान असत, श्रीमंत आणि गरीब, मित्र आणि शत्रूही असत. मुसा हात धुऊन त्यांची क्षमा मागत आणि दोन घास खाऊन घेत. दिवसभरात तेवढेच त्यांचे जेवण. मग रात्र होईपर्यंत ते रोगी तपासत. थकवा आला की आडवे होऊन औषध सांगत, पण दार बंद करत नसत.

इतक्या कामातूनही त्यांनी मोठे ग्रंथ लिहिले. ज्यू धर्मशास्त्राचा चौदा भागांचा ग्रंथ त्यांनी सुमारे दहा वर्षांत पूर्ण केला. त्यात दानाच्या आठ पायऱ्या सांगितल्या आहेत. सर्वांत वरची पायरी कोणती? गरिबाला कर्ज देऊन, भागीदार करून किंवा काम देऊन त्याच्या पायांवर उभे करावे, म्हणजे त्याला पुन्हा हात पसरावा लागणार नाही. त्यांचा दुसरा प्रसिद्ध ग्रंथ म्हणजे ‘दलालतुल हाइरीन’. तुम्हांला या नावाचा अर्थ चटकन कळेल: गोंधळलेल्यांना वाट दाखवणारा. श्रद्धा आणि बुद्धी यांचा मेळ कसा घालावा, हा त्याचा विषय आहे.

१३ डिसेंबर १२०४ रोजी मुसा इब्न मैमून फुस्तात येथे वारले. त्यांची कबर तिबेरियास या गावी आहे, असे मानतात. कॉर्डोबातील पुतळ्याच्या चौकालाही याच गावाचे नाव दिले आहे.

आणि दाऊदच्या पत्राचे काय झाले? आपण कुरआन शरीफची जीर्ण पाने आदराने जपतो. तसेच ज्यू लोकही देवाचे नाव असलेले कागद फेकत नाहीत. फुस्तातच्या सिनेगॉगमध्ये अशा कागदांसाठी एक खोली होती. १८९६-९७ साली विद्वानांनी तेथील हजारो कागद इंग्लंडमधील केंब्रिजला नेले. त्यांत मुसा यांच्या हातचे लिखाण सापडले. दाऊदचे ते शेवटचे पत्रही आज केंब्रिजच्या ग्रंथालयात आहे.

मुलांनो, चौकातून तुकडी पुढे निघते. वाटाड्या प्रवाशांना गल्लीची वाट दाखवतो. ज्याची स्वतःची वाट लहानपणीच चुकवली गेली, तो माणूस मात्र इतरांना आयुष्यभर वाट दाखवत राहिला. तुम्हांला पुतळ्याच्या पायांना हात लावायला कॉर्डोबाला जाता येईल की नाही, कोण जाणे! पण दारी आलेल्या माणसासाठी दार उघडे ठेवणे तर आपल्याला येथेही जमेल.

स्वाध्याय

१. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) मुसा यांच्या वडिलांचे काम कोणते होते?
(आ) दाऊद कोणत्या बंदरातून हिंदुस्थानला निघाला?
(इ) दानाची सर्वांत वरची पायरी कोणती?

२. थोडक्यात उत्तरे लिहा.
(अ) मुसा यांच्या कुटुंबाला कॉर्डोबा का सोडावे लागले?
(आ) मुसा यांनी हकिमीचा व्यवसाय का पत्करला?

३. वाक्यात उपयोग करा.
अंथरूण धरणे, हात पसरणे, पायांवर उभे करणे.

४. तुमच्या गावातील एखाद्या जुन्या इमारतीची माहिती वडीलधाऱ्यांना विचारा आणि आठ-दहा ओळींत लिहा.