‘पॅप’ नावामागचा माणूस

बचत गटाच्या बैठकीत पॅप टेस्टचा विषय काढला, की हमखास कुणीतरी ‘पाप’ ऐकतं आणि हशा पिकतो. हसू ओसरलं की पुढचा प्रश्न येतो, हे पॅप म्हणजे नेमकं काय हो ताई? मैत्रिणींनो, ते एका माणसाचं अर्धं नाव आहे, डॉ. जॉर्ज पापानिकोलाऊ. पूर्ण नाव घेताना जीभ अडखळते म्हणून जगानं त्याचं ‘पॅप’ करून टाकलं. त्यांच्या कामाचा धागा आपल्या धाराशिव जिल्ह्यापर्यंत येतो, तो पुढे सांगतेच.

त्यांचा जन्म १३ मे १८८३ चा, ग्रीसमधल्या किमी गावचा. वडील डॉक्टर. मुलानेही १९०४ मध्ये अथेन्सला वैद्यकीची पदवी घेतली, पण दवाखाना थाटण्यापेक्षा त्याला संशोधनाची ओढ. १९१० मध्ये म्युनिकहून डॉक्टरेट मिळवली आणि त्याच वर्षी आन्द्रोमाखीशी लग्न केलं. पुढे सगळे तिला मेरी म्हणू लागले. १९१३ मध्ये हे जोडपं अमेरिकेला गेलं. हाताशी पैसा थोडका, ओळखपाळख नाही. न्यूयॉर्कच्या एका मोठ्या दुकानात मेरी आठवड्याला ५ डॉलरवर बटणं शिवायची. शिकलेला डॉक्टर नवरा गालिचे विकायला उभा राहिला, पण ते काही त्याला जमलं नाही.

१९१४ मध्ये कॉर्नेल वैद्यकीय महाविद्यालयात काम मिळालं. तिथे गिनिपिगच्या माद्यांमध्ये बीज नेमकं कधी तयार होतं, हे त्यांना हवं होतं. बाहेरून तर काहीच दिसत नाही. मग नाक तपासायच्या छोट्या उपकरणाने ते रोज योनीमार्गातला थोडा स्राव घेऊन सूक्ष्मदर्शकाखाली बघू लागले, तर त्यातल्या पेशी दिवसागणिक बदलताना दिसल्या! १९१७ मध्ये हे निष्कर्ष प्रसिद्ध झाले.

आता पुढचा प्रश्न बाईच्या शरीराचा. त्या काळात कोण तयार होणार? मेरी झाली. सुमारे एकवीस वर्षं ती आपले नमुने देत राहिली आणि प्रयोगशाळेतही नवऱ्याच्या बरोबरीने राबली. घरादारासाठी राबणाऱ्या बायका आपण पुष्कळ पाहतो, पण हे राबणं वेगळंच म्हणायचं.

त्या काचपट्ट्यांवर बाईचं अख्खं आयुष्य दिसतं. पाळी संपून बीज तयार होईपर्यंत पेशी मोठ्या, चपट्या, पसरलेल्या असतात. याच सुमारास गर्भपिशवीच्या तोंडाशी येणारा स्राव पातळ आणि तार धरणारा होतो. नंतर पेशींच्या कडा दुमडतात, त्या घोळक्याने दिसतात, स्राव घट्ट होतो. गरोदरपणात होडीच्या आकाराच्या पेशी दिसतात आणि घट्ट स्रावाचं बूच गर्भपिशवीचं तोंड बंद ठेवतं. पाळी गेली की अस्तर पातळ होतं, पेशी लहान आणि गोल दिसतात. म्हणजे अंगावरून जाणारं थोडंफार पांढरं महिन्याभरात बदलतं ते रोग म्हणून नव्हे. मात्र वास येणारा, रक्तमिश्रित स्राव, संबंधानंतर रक्त जाणं किंवा पाळी गेल्यावर पुन्हा डाग दिसणं, हे अंगावर काढायचं नाही.

निरोगी पेशी इतकी वर्षं पाहिल्यामुळेच त्यांना वेगळी पेशी ओळखता आली. १९२५ पासून ते रुग्णालयातल्या बायकांचे नमुने पाहू लागले आणि त्यात कॅन्सरच्या पेशी सापडल्या. १९२८ मध्ये त्यांनी हे एका परिषदेत मांडलं, पण कुणी फारसं मनावर घेतलं नाही. नुसत्या स्रावातून कॅन्सर कळतो हे डॉक्टरांना पटेना. रुमानियाचे ऑरेल बाबेश यांनीही त्याच सुमारास स्वतंत्रपणे अशीच पद्धत शोधली होती. अखेर स्त्रीरोगतज्ज्ञ हर्बर्ट ट्राउट यांच्या साथीने १९४१ मध्ये लेख आणि १९४३ मध्ये पुस्तक आलं, तेव्हा कुठे जग जागं झालं.

आता आपल्याकडे येऊ. परंडा, भूम आणि शेजारच्या बार्शी तालुक्यातल्या कॅन्सरची नोंद बार्शीत १९८७ पासून ठेवली जाते. पुढे टाटा मेमोरियल आणि बार्शीच्या नर्गिस दत्त कॅन्सर रुग्णालयाने जागतिक आरोग्य संघटनेच्या कॅन्सर संस्थेबरोबर तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात ३० ते ५९ वयाच्या १,३१,७४६ बायकांचा अभ्यास केला. काहींची पॅप, काहींची ॲसेटिक ॲसिड लावून, काहींची एचपीव्ही विषाणूची तपासणी झाली. तुलनेसाठीच्या गटाला नेहमीचीच आरोग्यसेवा मिळाली, तपासणी नाही. यावर पुढे टीका झाली आणि मला ती रास्त वाटते. २००९ मध्ये निकाल आला. एकदाच केलेल्या एचपीव्ही तपासणीने या कॅन्सरचे मृत्यू जवळपास निम्म्यावर आणले, तेवढा फायदा एकदाच केलेल्या पॅपचा दिसला नाही. पापानिकोलाऊंची चाचणी मागे पडली म्हणा हवं तर. पण जगभर दाखला दिला जाणारा हा निकाल आपल्याच गावांतल्या बायकांनी भीड सोडून दिलेल्या नमुन्यांवर उभा आहे.

डॉक्टर १९ फेब्रुवारी १९६२ रोजी मायामीत गेले. नोबेल मिळालं नाही, पण ग्रीसच्या दहा हजार द्राख्माच्या नोटेवर त्यांचं चित्र आलं. मेरी त्यांच्यामागे वीस वर्षं जगली, १९८२ मध्ये गेली. नोटेवर ती नव्हती.