गणितात नापास झालेले गडकरी मास्तर

मी कॉन्व्हेंटची. दहावीपर्यंत मराठी म्हणजे मार्क कमी देणारा एक पेपर, बस्स. त्यामुळे या विभागात माझं नाव बघून रूममेट हसणार हे मला माहीत आहे. पण सुरुवात तिच्यामुळेच झाली. रात्री मेसवरून आलो की आम्ही तिच्या लॅपटॉपवर ॲनिमे बघतो, मोठ्यांसाठीच्या. 'मॉन्स्टर', 'डेथ नोट'. खून, वेड, अपराधीपणा, सगळं उघडं. सेलूला घरी गेले तेव्हा आईला म्हणाले, मराठीत एवढं डेअरिंग कुणी करत नाही. आईने काही न बोलता कपाटातून 'एकच प्याला' काढून हातात दिलं.

राम गणेश गडकरी. जन्म २६ मे १८८५, गुजरातमधल्या नवसारीचा. वडील लहानपणीच गेले. बालपण गुजरातेत गेल्यामुळे गुजराती आधी पक्की झाली, मराठीवर हुकूमत नंतर आली. (हे वाचून मला किती धीर आला म्हणून सांगू!) पुण्यात मॅट्रिक झाले, फर्ग्युसन कॉलेजात गेले आणि पहिल्याच वर्षी गणितात गचकले. एटीकेटीची सोय नव्हती. कॉलेज सुटलं आणि ते किर्लोस्कर नाटक मंडळीत मुलांना शिकवणारे मास्तर झाले. नाटक तिथेच जवळून पाहिलं. कवितेला गोविंदाग्रज, विनोदाला बाळकराम, अशी दोन टोपणनावं. १९१२ मध्ये 'प्रेमसंन्यास' आलं, पुढे 'पुण्यप्रभाव'.

आणि मग 'एकच प्याला'. सुधाकर हुशार वकील, पण भारी मानी. कोर्टात अपमान होतो, सनद जाते. तळीराम म्हणतो, विसरायला एकच घे. तिथून घर उतरणीला लागतं ते थांबतच नाही. गंमत म्हणजे अर्धं नाटक हसवतं. दारुड्यांचं 'आर्य मदिरा मंडळ' वाचताना मी पोट धरून हसले आणि पुढच्याच पानावर घशात काहीतरी अडकलं. हसवून जवळ घ्यायचं आणि मग दार लावून घ्यायचं, हीच मास्तरांची युक्ती. शेवटी नशेत सुधाकरच्या हातून तान्हं मूल जातं, सिंधूही जाते आणि तो विषाचा प्याला पितो. सुटका कुणाचीच नाही.

एक गोष्ट मात्र मला पटली नाही. मरणाच्या दारात असूनही सिंधू नवऱ्याचं नाव घेत नाही. मास्तरांना तिची पूजा करायची आहे, मला तिचा राग आला. मी आईला तसं म्हणाले. आई म्हणाली, शेजारच्या काकू गेल्या वर्षी जिन्यावरून पडल्या म्हणून टाके पडले होते ना, आठवतंय? त्यांच्या घराला जिनाच नाही.

मी गप्प बसले.

मास्तरांना क्षयाने गाठलं होतं. तब्येत इतकी ढासळली की 'एकच प्याला'ची पदं विठ्ठल सीताराम गुर्जरांनी लिहून दिली. त्यातही त्यांनी 'भावबंधन' पूर्ण केलं. 'राजसंन्यास' अपुरंच राहिलं. त्यातल्या संभाजी महाराजांच्या चित्रणावरून वाद झाला, तो इतका टिकला की जानेवारी २०१७ मध्ये पुण्याच्या संभाजी उद्यानातला मास्तरांचा पुतळा उखडून मुठेत टाकला गेला. जाऊन ९८ वर्षं झालेल्या माणसावर लोक अजून चिडतात! चिडण्याआधी किती जणांनी नाटक वाचलं असेल, कोण जाणे.

२३ जानेवारी १९१९ ला नागपूरजवळ सावनेरला ते गेले. वय ३३. पुढच्याच महिन्यात बडोद्याला गंधर्व नाटक मंडळीने 'एकच प्याला'चा पहिला प्रयोग केला. बालगंधर्व, ज्यांच्या भरजरी शालूंची चर्चा व्हायची, ते सिंधू म्हणून फाटकं लुगडं नेसून उभे राहिले. सुधाकर झाले गणपतराव बोडस. मास्तरांनी तो प्रयोग पाहिला नाही.

पुस्तक सध्या रूममेटकडे आहे. दुसऱ्या अंकापर्यंत आली आहे, अजून हसते आहे.