माणदेशी तात्या आणि आपलं माळरान

कर्जत तालुक्यात रेहेकुरीच्या बाजूला फेरीला गेलो की एक तक्रार ठरलेली असते. काळविटांचा कळप रात्री येतो आणि हरभऱ्याचे शेंडे खुडून जातो. अकोले, संगमनेर, राहुरीकडे गेलं की तक्रार बिबट्याची. ऊसतोड चालू असताना पाचटात पिल्लं सापडतात आणि टोळी कोयते टाकून बांधावर येते. दोन्ही तक्रारी खऱ्या आहेत. मध्यंतरी एका म्हाताऱ्या शेतकऱ्याने मला विचारलं, की औषध-खताची माहिती तुम्ही देता, पण हे जनावर राहतं कसं, खातं काय, फिरतं कधी, हे आम्हाला कोणी सांगायचं? त्या वेळी मला व्यंकटेश माडगूळकरांची आठवण झाली. खेड्यात जन्मून रानातल्या जनावरांवर एवढं बारकाईने लिहिणारी माणसं मराठीत हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच झाली.

माडगूळकरांचा जन्म १९२७ सालचा, माडगूळ या गावचा. हे गाव आज सांगली जिल्ह्यात आटपाडी तालुक्यात आहे. तेव्हा ते औंध संस्थानात होतं. हा सगळा मुलूख माणदेश म्हणून ओळखला जातो. पाऊस बेताचा, जमीन हलकी, ज्वारी-बाजरी, मेंढरं आणि खिल्लार बैल. आपल्या कर्जत-जामखेडच्या किंवा पारनेरच्या माणसाला हे वेगळं समजावून सांगायला नको. गीतरामायण लिहिणारे ग. दि. माडगूळकर हे त्यांचे थोरले बंधू. व्यंकटेशरावांना जवळची माणसं तात्या म्हणत.

घरची ओढाताण होती. चौदाव्या वर्षी हा पोरगा एका खेड्यात शाळामास्तर झाला. पुढे १९४२ च्या चळवळीत पडला आणि शिक्षण मागे राहिलं ते राहिलंच. पण शिकणं थांबलं नाही. चित्रकलेची ओढ होती, हात चांगला होता. इंग्रजी त्यांनी स्वतःच्या कष्टाने शिकून घेतली आणि बाहेरच्या देशांतल्या लेखकांची पुस्तकं वाचली. पदवीचा कागद नसलेला हा माणूस पुढे १९८३ मध्ये अंबाजोगाईच्या साहित्य संमेलनाचा अध्यक्ष झाला.

‘माणदेशी माणसं’ हे त्यांचं पुस्तक १९४९ चं. गावातली साधी, गरीब, कोणाच्या खिजगणतीत नसलेली माणसं त्यांनी जशीच्या तशी उभी केली. त्यानंतर १९५५ मध्ये ‘बनगरवाडी’ आली. धनगरांच्या वाडीवर एक तरुण मास्तर जातो, हळूहळू वाडी त्याला आपला मानते, सगळे मिळून तालीम बांधतात, आणि मग दुष्काळ पडतो. चारा संपतो, पाणी आटतं आणि वाडी उठून जाते. १९७२ चा दुष्काळ ज्यांनी पाहिला, त्यांना ही गोष्ट कादंबरी वाटत नाही. त्यावर अमोल पालेकरांनी १९९५ च्या सुमारास चित्रपटही केला.

आपल्या कामाशी जवळची गोष्ट म्हणजे तात्यांची नोकरी. १९५५ पासून ते पुणे आकाशवाणीच्या ग्रामीण विभागात होते आणि निवृत्त होईपर्यंत त्यांनी शेतकऱ्यांसाठी कार्यक्रम केले. शेतकऱ्याशी बोलायचं तर त्याच्या बोलीत बोललं पाहिजे, हे त्यांना कोणी शिकवावं लागलं नाही. विस्ताराचं काम करणाऱ्या आम्हा मंडळींना पदविकेच्या पुस्तकात हे वाचायला मिळतं. तात्यांनी ते वर्षानुवर्षं करून दाखवलं.

आता रानाकडे येऊ. तात्या मुळात शिकारी. बंदूक घेऊन माळ आणि डोंगर त्यांनी पुष्कळ तुडवले, आणि हे त्यांनी कधी लपवलं नाही. शिकाऱ्याला जनावराचा माग काढावा लागतो, वारा कुठून येतो ते बघावं लागतं, तासन् तास दम धरून बसावं लागतं. पुढे बंदूक सुटली, पण ही सवय राहिली. मग हातात वही आणि पेन्सिल आली. पूर्वी भंडारा जिल्ह्यात असलेल्या आणि आता गोंदिया जिल्ह्यात मोडणाऱ्या नागझिऱ्याच्या जंगलात ते जाऊन राहिले. जे पाहिलं ते लिहिलं, त्याची चित्रं काढली. त्यातून ‘नागझिरा’ हे पुस्तक झालं.

१९८२ मध्ये ‘सत्तांतर’ आलं आणि त्याला १९८३ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. ही गोष्ट वानरांच्या टोळ्यांची. टोळीत एक हुप्प्या, बाकी माद्या आणि पिल्लं. बाहेरचे नर टपून असतात. म्हाताऱ्या हुप्प्याला हुसकून नवा आला, की तो आधीच्याची पिल्लं मारतो. अभ्यासकांनीही वानरांत हे पाहिलेलं आहे. तात्यांनी वानराच्या तोंडी माणसाची भाषा घातली नाही, की त्याला देव किंवा चोर ठरवलं नाही. वानर जसं वागतं तसं दाखवलं. वाचणाऱ्याला त्यात गावचं राजकारण दिसलं, तर तो ज्याचा त्याने विचार करावा.

२८ ऑगस्ट २००१ रोजी पुण्यात तात्या गेले. त्यानंतर आपल्या जिल्ह्यात, म्हणजे आताच्या अहिल्यानगरात, रान आणि शिवार यांच्यातली हद्द आणखी पुसट झाली. बागायत वाढली आणि उसात बिबट्या मुक्कामाला आला. माळ नांगरले गेले. रेहेकुरीचं अभयारण्य १९८० चं, पण क्षेत्र अवघं २.१७ चौरस किलोमीटर. तेवढ्यात काळवीट मावणार कसं? माळढोक तर आता महाराष्ट्रातून दिसेनासाच झाल्यात जमा आहे. गवताळ माळ म्हणजे पडीक जमीन, असं आपण कागदावर लिहीत आलो. तात्यांनी मात्र तो माळ धनगराचं आणि जनावरांचं घर म्हणून पाहिला.

पाहिल्याने फरक पडतो. अकोले भागात डॉ. विद्या आत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बिबट्यांचा अभ्यास केला. बिबट्याच्या खाण्यात सगळ्यात मोठा वाटा गावातल्या कुत्र्यांचा आहे, असं त्यातून दिसलं. म्हणजे वस्तीजवळ उकिरडा, त्यावर कुत्री आणि कुत्र्यांमागे बिबट्या, अशी ही साखळी आहे. ग्रामपंचायतीने कचऱ्याची व्यवस्था केली, शेळ्या-वासरं रात्री पक्क्या गोठ्यात बांधली, अंधारात पोरांना एकटं सोडलं नाही, तर धोका कमी होतो. पिल्लं सापडली तर हाताळू नयेत, गर्दी करू नये, वनखात्याला कळवावं. मादी बहुतेक वेळा परत येऊन पिल्लं घेऊन जाते. ज्याच्या घरातलं माणूस गेलं, त्याला हे सांगताना जीभ जड होते, हे मला ठाऊक आहे. त्याचा राग खोटा नाही. पण नुसत्या रागाने उद्याचं माणूस वाचत नाही.

ग्रामसेवक, सरपंच आणि शिक्षक मंडळींना एक सुचवावंसं वाटतं. गावच्या वाचनालयात ‘बनगरवाडी’, ‘नागझिरा’ आणि ‘सत्तांतर’ ही तीन पुस्तकं असावीत. पोरांनी ती वाचावीत, आणि आपल्या शिवारात कोणतं जनावर कुठे, केव्हा दिसलं, हे एका वहीत लिहून ठेवावं. वनरक्षक चौकशीला आला, की ती वही कामाला येईल.