नांदायला नकार देणाऱ्या डॉ. रखमाबाई

४ मार्च १८८७ रोजी मुंबई उच्च न्यायालयात न्यायमूर्ती फॅरन यांनी एका बावीस वर्षांच्या तरुणीला पतीच्या घरी नांदायला जाण्याचा हुकूम दिला. हुकूम न पाळल्यास सहा महिन्यांचा तुरुंगवास होता. तुरुंगात जाणे आपण पत्करू, पण नांदायला जाणार नाही, असे तिने कळविले. ही तरुणी म्हणजे पुढे डॉक्टर झालेल्या रखमाबाई राऊत.

रखमाबाईंचा जन्म २२ नोव्हेंबर १८६४ रोजी मुंबईत झाला. वडील जनार्दन पांडुरंग त्यांच्या बालपणीच वारले. सुतार ज्ञातीत पुनर्विवाहाला मुभा असल्याने आई जयंतीबाईंनी काही वर्षांनी डॉ. सखाराम अर्जुन यांच्याशी विवाह केला. मात्र त्यापूर्वी पहिल्या पतीची मालमत्ता मुलीच्या नावे करून दिली. सखाराम अर्जुन हे ग्रँट मेडिकल कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवीत, आणि १८८३ मध्ये बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी स्थापणाऱ्या मंडळींतही ते होते. असे असूनही रूढीप्रमाणे अकराव्या वर्षी मुलीचा विवाह झाला. नवरा दादाजी भिकाजी एकोणीस वर्षांचा, सखाराम अर्जुनांच्याच नात्यातला. त्याने सासरी राहून शिकावे असे ठरले होते. त्याने शिक्षण सोडले, कर्ज केले आणि तो मामाकडे राहू लागला. रखमाबाई मात्र घरी बसून वाचत होत्या. सावत्र वडिलांनी डॉक्टर या नात्याने त्यांना कोवळ्या वयात नांदायला पाठविले नव्हते. पुढे त्यांनी स्वतःच जाण्याचे नाकारले.

१८८४ मध्ये दादाजीने दावा लावला. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्हे यांनी तो फेटाळला. बालवयात लागलेल्या आणि संसार कधीच सुरू न झालेल्या विवाहात स्त्रीला बळाने नवऱ्याच्या हवाली करणे त्यांना रानटीपणाचे वाटले. या निकालावर गदारोळ उठला. टिळकांच्या ‘मराठा’ पत्राने निकालाला विरोध केला. बेहरामजी मलबारींसारखे सुधारक रखमाबाईंच्या बाजूने उभे राहिले. त्याच सुमारास रखमाबाईंनी टोपणनावाने ‘टाइम्स ऑफ इंडिया’त बालविवाहावर लिहिलेली पत्रेही गाजली.

या वादातली एक गंमत सहसा सांगितली जात नाही. नांदण्याची सक्ती करणारा हा दावा हिंदू धर्मशास्त्रातला नव्हेच. इंग्लंडच्या चर्च-न्यायालयांतून तो येथे आला होता. म्हणजे धर्मरक्षणासाठी जे शस्त्र उचलले गेले, ते परक्यांच्या शस्त्रागारातले होते.

अपिलात पिन्हे यांचा निर्णय टिकला नाही आणि फेरसुनावणीत वर सांगितलेला हुकूम झाला. व्हिक्टोरिया राणीने हा विवाह रद्द केला, अशी कथा आजही फिरते. प्रत्यक्षात जुलै १८८८ मध्ये दादाजीने २,००० रुपये घेऊन तडजोड केली आणि प्रकरण मिटले. रखमाबाईंना तुरुंगात जावे लागले नाही. पण त्यांचे म्हणणे न्यायालयाने मान्य केले, असेही झाले नाही. १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्याने मुलींची वयोमर्यादा १० वरून १२ वर नेली. त्यामागच्या चर्चेत या खटल्याचा वाटा मोठा होता.

कामा रुग्णालयातील डॉ. एडिथ पीची यांच्या प्रोत्साहनाने रखमाबाई १८८९ मध्ये इंग्लंडला गेल्या. लंडनच्या महिला वैद्यकीय महाविद्यालयात शिकून १८९४ मध्ये त्या डॉक्टर झाल्या. देशातील पहिल्या स्त्री डॉक्टर म्हणून त्यांचे नाव घेतले जाते, तेव्हा कोलकात्याच्या कादंबिनी गांगुली यांचा विसर पडू नये; आनंदीबाई जोशी यांना मात्र पदवीनंतर व्यवसाय करण्याइतके आयुष्यच लाभले नाही.

रखमाबाई सुरतला स्त्रियांच्या रुग्णालयात रुजू झाल्या. तेथील बायका बाळंतपणासाठी रुग्णालयात यायला भीत. तेव्हा रखमाबाईंनी एक गाभण शेळी आणून तिचे बाळंतपण तेथे करून दाखविले, असे सांगतात. प्लेगच्या साथीतही त्यांनी काम केले. दोन दशकांहून अधिक काळ सुरतेत काढल्यावर त्या राजकोटच्या जनाना रुग्णालयात गेल्या. (हे राजकोट सौराष्ट्रातले, मालवणच्या किनाऱ्यावरचा आपला राजकोट नव्हे.) निवृत्तीच्या सुमारास, १९२९ मध्ये, पडदा पद्धतीविरुद्ध त्यांनी पुस्तिका लिहिली. पुन्हा विवाह त्यांनी केला नाही.

१९०४ मध्ये दादाजी वारला, तेव्हा रखमाबाईंनी विधवेची पांढरी साडी नेसली. त्यांच्या चाहत्यांना ही गोष्ट अडचणीची वाटते. जुन्या वळणाच्या घरांतून वावरणाऱ्या डॉक्टरची ती व्यवहाराची सोय असेल किंवा मनात उरलेला संस्कारही असेल. चरित्रातून ती वगळू नये, एवढेच वाटते. नवऱ्याची सत्ता नाकारणारी स्त्री त्या काळात वावरतही होतीच.

नांदण्याच्या हुकमासाठी तुरुंगात टाकण्याची तरतूद १९२३ मध्ये रद्द झाली. १८ मे १९५५ रोजी हिंदू विवाह कायदा अमलात आला. त्याने घटस्फोटाचा हक्क दिला, वधूचे किमान वय १५ ठरविले, आणि नवव्या कलमात नांदण्याचा तो जुना दावाही ठेवला. ते कलम अद्याप कायम आहे. कायदा लागू झाल्यानंतर चार महिन्यांनी, २५ सप्टेंबर १९५५ रोजी, वयाच्या ९० व्या वर्षी रखमाबाईंचे मुंबईत निधन झाले.