कॅमेऱ्यापुढे आणि कॅमेऱ्यामागे : व्हिक्टर शोस्ट्रॉम

इंगमार बर्गमन हे नाव आपल्यापैकी अनेकांनी ऐकले असेल. ते ज्यांना गुरुस्थानी मानत, ते व्हिक्टर शोस्ट्रॉम आम्हाला मात्र उशिरा भेटले.

१८७९ साली स्वीडनमध्ये जन्म, बालपण अमेरिकेत. लहानपणीच आई गेली. स्वीडनला परतून ते नाटकात नट झाले, पुढे चित्रपट-दिग्दर्शक.

१९१३ च्या त्यांच्या ‘इंगेबोर्ग होल्म’ या मूकपटात एक विधवा कर्जापायी गरीबगृहात जाते. तिथल्या नियमानुसार तिची मुले परक्या घरी ठेवली जातात. पुढे धाकटे मूल तिला ओळखतही नाही. या चित्रपटाने स्वीडनमध्ये गरिबांविषयीच्या कायद्यावर वादळ उठवले. सरकारी कचेरीत फायली हाताळणाऱ्या आम्हाला ही गोष्ट फार लागते. नियम कोणी मोडला नव्हता, घर मात्र मोडले.

१९२१ मध्ये ‘द फँटम कॅरेज’चे दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिका त्यांचीच. हॉलिवूडमध्ये १९२८ चा ‘द विंड’ केला. मायदेशी परतल्यावर ते पुन्हा मुख्यतः अभिनयाकडे वळले. वयाच्या ७८ व्या वर्षात त्यांनी बर्गमन यांच्या ‘वाइल्ड स्ट्रॉबेरीज’मध्ये गतायुष्याचा हिशेब मांडणारा वृद्ध डॉक्टर उभा केला. १९६० साली ते गेले.

‘इंगेबोर्ग होल्म’ सवडीने घरच्यांसोबत जरूर पाहावा, ही आमची विनंती.